वाणीची उपासिका : डेम पेगी ॲशक्रॉफ्ट

नटाची कला ही मोठी अल्पायुषी कला आहे. कवीमागे त्याचा ग्रंथ राहतो, शिल्पकारामागे मूर्ती राहते. पण नाटकाचा पडदा पडला, की नटाने तीन तास खपून उभे केलेले जग त्याच क्षणी नाहीसे होते आणि उरते ती पाहणाऱ्यांच्या मनातील आठवण. पाहणारे गेले, म्हणजे तीही जाते. विसाव्या शतकात बोलपट आणि दूरचित्रवाणी आल्यामुळे ह्या नियमाला थोडा अपवाद झाला. आज मी ज्या इंग्रज नटीविषयी आपल्याशी बोलणार आहे, त्या डेम पेगी ॲशक्रॉफ्ट ह्यांचे चरित्र ह्या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. त्यांनी धंदेवाईक रंगभूमीवर पहिले पाऊल ठेवले ते १९२६ साली. पुढच्या तीस वर्षांत इंग्लंडातील नाट्यरसिकांनी त्यांची गणना आपल्या काळच्या श्रेष्ठ नटींत केली. परंतु लंडन आणि स्ट्रॅटफर्ड ह्यांच्या पलीकडच्या विशाल जगाला, म्हणजे तुम्हाआम्हांला, त्यांची खरी ओळख पटली ती १९८४ साली, बाईंना सत्त्याहत्तरावे वर्ष चालू असताना. आणि तीही हिंदुस्थानच्या पार्श्वभूमीवर रचलेल्या दोन कथांमुळे.

मधली ही अठ्ठावन्न वर्षे बाईंनी काय केले, असा प्रश्न कोणाच्याही मनात येईल. त्याचे उत्तर थोडक्यात द्यावयाचे, तर त्यांनी शब्दाची चाकरी केली. दुसऱ्याने लिहिलेला शब्द आपल्या मुखातून खरा करून सांगणे, एवढाच उद्योग त्यांनी आयुष्यभर निष्ठेने केला. आणि आश्चर्य असे, की वाणीच्या ह्या उपासिकेच्या ज्या भूमिका मला सर्वांत मोठ्या वाटतात, त्या आहेत ज्यांचा शब्द कोणी ऐकला नाही अशा स्त्रियांच्या. त्या कशा, ते आता क्रमाने पाहू.

पेगीबाईंचा जन्म २२ डिसेंबर १९०७ रोजी लंडनजवळच्या क्रॉयडन गावी झाला. वडील जमीनजुमल्याचे व्यवहार पाहणारे मध्यमवर्गीय गृहस्थ. पहिल्या महायुद्धात ते लढावयास गेले आणि १९१८ मध्ये कामास आले. तेव्हा मुलगी अवघी दहा वर्षांची होती. आईला नाटकाचा नाद होता. ती हौशी नाटकांतून कामे करी आणि तिने एल्सी फोगर्टी नावाच्या बाईंकडे वाणीचे धडेही घेतले होते. ह्या फोगर्टीबाई म्हणजे त्या काळच्या लंडनमधील एक मोठे प्रस्थ. त्यांनी १९०६ साली वक्तृत्व आणि नाट्यशिक्षण देणारी एक संस्था काढली होती आणि तिचे वर्ग सुप्रसिद्ध ॲल्बर्ट हॉलच्या वास्तूत भरत. सोळाव्या वर्षी पेगीने शाळा सोडून ह्याच संस्थेत नाव घातले. तेथे तिचा एक सहाध्यायी होता लॉरेन्स ऑलिव्हिए, जो पुढे इंग्लंडातील अग्रगण्य नट झाला.

फोगर्टीबाईंचा सारा कटाक्ष उच्चारावर असे. श्वास कसा घ्यावा, स्वर कोठून काढावा, शेवटच्या ओळीतील प्रेक्षकाच्या कानी अक्षर न् अक्षर कसे पोहोचवावे, हे त्या घोटून घेत. ह्या शिस्तीचा पेगीला जन्मभर उपयोग झाला. पण तेवढ्याने तिचे समाधान झाले नाही. त्याच सुमारास, म्हणजे १९२४ साली, रशियातील थोर नाट्यशिक्षक स्तानिस्लाव्स्की ह्यांचे कलाविषयक आत्मचरित्र इंग्रजीत प्रसिद्ध झाले आणि ते तिच्या वाचनात आले. नटाने गोड आवाजाने मोहून टाकण्यापेक्षा भूमिकेतील माणसाच्या अंतरात शिरावे, आणि नाटक हे एका मुख्य नटाचे नसून साऱ्या मंडळीचे असते, अशी त्या पुस्तकाची शिकवण. ही दोन तत्त्वे त्या मुलीच्या मनात जी रुजली, ती कायमची. आम्ही शाळामास्तर मुलांकडून कविता पाठ म्हणवून घेतो, तेव्हा पुष्कळदा असे होते की, मुलगा ऱ्हस्वदीर्घासह सारे शुद्ध म्हणतो, पण त्यातला अर्थ त्याच्या कानालाही शिवलेला नसतो. उच्चार आणि अर्थ ह्यांची गाठ घालणे किती कठीण आहे, हे ज्याने शिकविण्याचे काम केले आहे त्याला सांगावयास नको. पेगीबाईंच्या कलेचे रहस्य ह्या गाठीत आहे.

१९२६ साली बर्मिंगहॅम येथील नाटकमंडळीत बॅरीच्या 'डिअर ब्रूटस' नाटकातून त्यांनी पदार्पण केले. समोर नायक होता राल्फ रिचर्डसन. तोही पुढे मोठा नट झाला. तीन वर्षांनी, १९२९ मध्ये, 'ज्यू सूस' ह्या नाटकातील नेमीच्या भूमिकेमुळे लंडनचे लक्ष ह्या कोवळ्या वयाच्या मुलीकडे वेधले. आणि लगेच पुढल्या वर्षी तिच्याकडे जी भूमिका आली, तिने तिला केवळ नटी म्हणूनच नव्हे, तर माणूस म्हणूनही घडविले.

ती भूमिका डेस्डिमोनेची. देवलांच्या 'झुंझारराव' नाटकातील कमळजा ज्यांना आठवत असेल, त्यांना डेस्डिमोना वेगळी सांगावी लागणार नाही. मे १९३० मध्ये लंडनच्या सॅव्हॉय थिएटरात 'ऑथेल्लो'चे प्रयोग सुरू झाले. ऑथेल्लोचे काम करणार होता पॉल रोब्सन, अमेरिकेतील नीग्रो समाजात जन्मलेला विख्यात गायक व नट. इंग्लंडात गोरे नट तोंडाला काजळी फासून हे काम करीत आले होते. एकोणिसाव्या शतकात आयरा ऑल्ड्रिज ह्या कृष्णवर्णी नटाने हे काम लंडनमध्ये केले होते खरे. पण ती गोष्ट लोक विसरून गेले होते. आता रंगमंचावर एक गोरी तरुणी एका काळ्या पुरुषाची पत्नी म्हणून उभी राहणार, तो तिला मिठीत घेणार, तिचे चुंबन घेणार, ह्या कल्पनेनेच कित्येकांचे माथे भडकले. पेगीबाईंना घाणेरडी पत्रे आली. अंगावर काटा यावा असा हा प्रकार. त्या वेळी त्यांचे वय बावीस वर्षांचे होते. जगात वर्णद्वेष म्हणून काही चीज आहे, हे तोवर त्यांना पुस्तकी ज्ञान होते. आता ते त्यांच्या दारात टपालाने येऊन पडू लागले.

बाई डगमगल्या नाहीत. त्यांनी काम सोडले नाही, आणि रोब्सनविषयीचा आदर पुढेही कधी लपविला नाही. अमेरिकेच्या ब्रॉडवेवर रोब्सनला ऑथेल्लो म्हणून उभे राहण्यास आणखी तेरा वर्षे, म्हणजे १९४३ साल उजाडावे लागले, एवढे सांगितले म्हणजे लंडनमधील त्या प्रयोगाचे धाडस ध्यानात येईल. परंतु मला येथे लक्ष वेधावयाचे आहे ते डेस्डिमोनेकडे. ती निष्पाप आहे, ती सत्य सांगत आहे, आणि तिचे कोणी ऐकत नाही; शेवटी तिचा श्वासच कोंडून तिला गप्प केले जाते. पेगीबाईंच्या कारकिर्दीच्या आरंभीच ही अशी भूमिका यावी, आणि चोपन्न वर्षांनी शेवटाकडेही तिच्यासारख्याच दोन भूमिका याव्या, हा योग विलक्षण नव्हे काय?

ह्यानंतरचा काळ त्यांच्या उत्कर्षाचा आहे. १९३२ साली त्या लिलियन बेलिस ह्या हिमतीच्या बाईने चालविलेल्या ओल्ड व्हिक थिएटरात आल्या. तेथे पगार बेताचा, तिकिटे स्वस्त, प्रेक्षक साधे आणि कामाचा रगाडा अफाट. एका हंगामात रोझलिंड, इमोजेन, पोर्शिया, ज्युलिएट, मिरांडा अशा एकापाठोपाठ एक नायिका त्यांनी उभ्या केल्या. ह्या कष्टाने त्यांची वाणी तयार झाली. १९३५ साली न्यू थिएटरात झालेला 'रोमिओ आणि ज्युलिएट'चा प्रयोग तर इंग्लंडच्या नाट्येतिहासात गाजला. जॉन गिलगुड आणि लॉरेन्स ऑलिव्हिए हे दोन तरुण नट त्यात रोमिओ व मर्क्युशिओ ह्यांची कामे आलटूनपालटून करीत. दाईच्या भूमिकेत ईडिथ एव्हन्स ही मातबर नटी होती. गिलगुड छंद जपून काव्य म्हणणारा, ऑलिव्हिए उसळत्या रक्ताचा. ह्या दोन भिन्न प्रकृतींच्या नायकांना एकच ज्युलिएट सामोरी जात होती, आणि दोघांपुढेही तिचा भाव अकृत्रिम राहत होता. नाटकाचे पुष्कळ प्रयोग झाले. त्या वेळी ही मोठीच संख्या होती.

त्याच १९३५ साली आल्फ्रेड हिचकॉक ह्यांच्या 'द थर्टी-नाइन स्टेप्स' ह्या बोलपटात त्यांनी एक छोटे काम केले. स्कॉटलंडच्या माळरानावर एका कठोर, संशयी शेतकऱ्याच्या घरात पिचणारी त्याची तरुण बायको पोलिसांपासून पळणाऱ्या नायकाला रातोरात वाट करून देते आणि नवऱ्याचा अंगरखा त्याच्या अंगावर घालते. त्या अंगरख्याच्या खिशातील प्रार्थनागीतांच्या पुस्तकावर पुढे गोळी अडते आणि नायकाचा जीव वाचतो. पडद्यावर ही बाई मोजकी मिनिटे दिसते. पण शहरातील स्त्रियांविषयी तिने विचारलेल्या साध्या प्रश्नांतून तिचा सारा कोंडमारा प्रेक्षकाला कळतो. इतके यश दिसत असतानाही बाई चित्रपटाच्या मागे धावल्या नाहीत. पुढल्या जवळजवळ पन्नास वर्षांत त्यांनी मोजकेच चित्रपट केले. १९५९ सालचा 'द नन्स स्टोरी' हा त्यांतला एक. पैसा आणि प्रसिद्धी पडद्यावर होती, पण त्यांचे मन रंगभूमीवर होते. आणि रंगभूमीवरही एका विशिष्ट गोष्टीवर होते. ती गोष्ट म्हणजे मंडळी.

येथे थोडा खुलासा केला पाहिजे. लंडनच्या व्यापारी रंगभूमीची रीत अशी होती की, एखादे नाटक घ्यावे, त्यापुरते नट जमवावे, प्रेक्षक येतील तोवर ते चालवावे आणि मग सर्वांनी आपापल्या वाटेने जावे. ह्या पद्धतीत मोठ्या नटाचा बोलबाला होतो, पण नटांचा एकमेकांशी सूर जुळत नाही. आपल्याकडील जुन्या नाटकमंडळ्यांप्रमाणे वर्षानुवर्षे एकत्र राहून, आज राजा तर उद्या भालदार होऊन काम करावे, असे पेगीबाईंना वाटे. १९३७-३८ साली गिलगुडने क्वीन्स थिएटरात अशी एक तात्पुरती मंडळी उभी केली, तेव्हा त्या तीत आनंदाने सामील झाल्या. तेथे फ्रेंच दिग्दर्शक मिशेल सां-दनी ह्यांनी बसविलेल्या चेकॉव्हच्या 'तीन बहिणी' नाटकात त्यांनी धाकट्या इरिनाचे काम केले. ह्या नाटकाला नेहमीपेक्षा बरीच अधिक तालीम झाली होती, आणि त्या तालमीचे चीज झाले.

युद्धानंतर त्यांच्या कीर्तीला बहर आला. १९५२ साली टेरेन्स रॅटिगन ह्यांच्या 'द डीप ब्ल्यू सी' नाटकात जिवावर उदार झालेली हेस्टर, १९५३ साली क्लिओपात्रा, १९५४ साली इब्सेनची हेडा गॅब्लर. ह्या हेडाचा प्रयोग नॉर्वेत, म्हणजे इब्सेनच्या स्वदेशी झाला, तेव्हा तेथील राजे हाकोन ह्यांनी बाईंना सुवर्णपदक देऊन गौरविले. १९५६ साली ब्रिटिश सरकारने 'डेम' ही पदवी दिली. मानमरातब झाले, वय पन्नाशीला आले. आता निवांत बसून, हवी ती भूमिका हव्या त्या मोबदल्यात घ्यावी, असे कोणी म्हटले असते तर त्यात गैर काय होते?

बाईंनी नेमके उलट केले. स्ट्रॅटफर्डच्या शेक्सपिअर थिएटराची सूत्रे पीटर हॉल नावाच्या अवघ्या एकोणतीस वर्षांच्या तरुणाच्या हाती आली. तेथे एक कायमची नाटकमंडळी उभारावी, नटांना तीन तीन वर्षांच्या कराराने बांधून घ्यावे, असा त्याचा मनसुबा होता. हीच पुढे रॉयल शेक्सपिअर कंपनी म्हणून जगप्रसिद्ध झाली. ह्या कामात पडण्यास बाईंनी होकार दिला आणि त्यांच्या नावाने त्या नव्या उपक्रमाला वजन आले. आपल्यापेक्षा तेवीस वर्षांनी लहान असलेल्या दिग्दर्शकाच्या हाताखाली त्या काम करू लागल्या. १९६० साली, बावन्नाव्या वर्षी, त्यांनी पीटर ओ'टूल ह्या तरुण नटासमोर कॅथरिनाचे, म्हणजे आपण मराठीत जिला 'त्राटिका' म्हणून ओळखतो तिचे काम केले.

१९६३ साली ह्या कंपनीने शेक्सपिअरची राजा सहावा हेन्री ह्याच्यावरील तीन नाटके आणि 'तिसरा रिचर्ड' ह्यांची काटछाट करून 'द वॉर्स ऑफ द रोझेस' ही नाट्यत्रयी रंगभूमीवर आणली. तीत मार्गारेट राणीची भूमिका पेगीबाईंकडे होती. ही राणी फ्रान्समधून नवरी म्हणून येते तेव्हा तरुण मुलगी असते. मग ती सैन्य घेऊन रणात उतरते. शत्रू यॉर्क हाती सापडताच त्याच्या डोक्यावर कागदी मुकुट चढवून, त्याच्याच कोवळ्या मुलाच्या रक्तात भिजविलेला रुमाल त्याच्या तोंडासमोर धरते. आणि शेवटी पती, पुत्र, राज्य सारे गमावून शाप देत हिंडणारी म्हातारी होते. विशीपासून सत्तरीपर्यंतचे हे आयुष्य पंचावन्न वर्षांच्या नटीने प्रेक्षकांपुढे एका सलग धाग्यात उभे केले. रंग आणि टोप ह्यांनी वय थोडेबहुत लपते किंवा वाढते. परंतु मुलीच्या आवाजातील कोवळीक हळूहळू करपत जाऊन तिचे शापवाणीत रूपांतर होणे, हे काम रंगपेटीचे नव्हे. १९६५ साली बी.बी.सी.ने ही नाटके दूरचित्रवाणीवर दाखविली, म्हणून ती मार्गारेट आजही पाहावयास मिळते.

आपण आज नभोवाणीवरून बोलत आहोत, तेव्हा एका गोष्टीचा उल्लेख केल्यावाचून राहवत नाही. हॅरॉल्ड पिंटर ह्यांनी 'लँडस्केप' नावाची एक छोटी नाटिका लिहिली. एका स्वयंपाकघरात एक नवरा आणि एक बायको बसली आहेत. दोघेही बोलतात, पण परस्परांशी नव्हे. ती आपल्या जुन्या आठवणीत, तो आपल्या रोजच्या हकीकतीत. त्या वेळी इंग्लंडात नाटकांवर लॉर्ड चेंबरलेनच्या कचेरीचा अंकुश होता, आणि काही शब्द गाळल्याशिवाय ह्या नाटिकेस रंगभूमीवर परवानगी मिळेना. पण त्या कचेरीची सत्ता नभोवाणीवर चालत नसे. म्हणून नाटिका एप्रिल १९६८ मध्ये प्रथम बी.बी.सी.वरून ध्वनिक्षेपित झाली आणि त्यातील स्त्रीचा आवाज पेगीबाईंचा होता. त्याच वर्षी ती परवान्याची पद्धत कायद्याने रद्द झाली आणि १९६९ साली बाईंनी हीच भूमिका रंगमंचावरही केली. चेहरा नाही, हावभाव नाहीत, वेशभूषा नाही. केवळ शब्द आणि शब्दांमधील थांबा ह्यांवर भूमिका तोलावयाची. चाळीस वर्षांपूर्वी ॲल्बर्ट हॉलमध्ये गिरविलेला पाठ येथे कामास आला.

ह्याहूनही अवघड कसोटी १९७५ साली आली. सॅम्युएल बेकेट ह्यांच्या 'हॅपी डेज' नाटकात विनी नावाची बाई पहिल्या अंकात कमरेपर्यंत आणि दुसऱ्या अंकात गळ्यापर्यंत मातीच्या ढिगाऱ्यात पुरलेली असते. ती हलू शकत नाही. ती फक्त बोलते. पिशवीतील दात घासण्याचा ब्रश, आरसा, छत्री अशा वस्तू, जवळच पडलेला जवळजवळ अबोल नवरा आणि न संपणारा दिवस, एवढ्या भांडवलावर ती सतत बोलत राहते; कारण बोलणे थांबले तर आपण संपलो, हे तिला ठाऊक आहे. बाईंचे वय तेव्हा सदुसष्ट होते. एवढे लांब, तुटक, पुनःपुन्हा त्याच शब्दांवर येणारे भाषण पाठ करणे हीच मुळी मोठी परीक्षा. वाणी हाच ज्याचा शेवटचा आधार उरला, अशा माणसाचे चित्र त्यांनी त्यात रंगविले. रंगभूमीवरील त्यांची शेवटची भूमिका १९८१ सालची. 'ऑल्स वेल दॅट एंड्स वेल' नाटकातील रूसियॉनची वृद्ध काउंटेस.

आणि आता आपण हिंदुस्थानच्या वाटेवर येतो. पॉल स्कॉट ह्या इंग्रज कादंबरीकाराने ब्रिटिश राज्याच्या अखेरच्या वर्षांवर चार कादंबऱ्यांची मालिका लिहिली. तीवरून ग्रॅनडा कंपनीने 'द ज्यूएल इन द क्राउन' ही चौदा भागांची दूरचित्रवाणी-मालिका काढली आणि ती १९८४ च्या आरंभी इंग्लंडात दाखविली गेली. तीत पेगीबाईंनी बार्बी बॅचलर नावाच्या एका निवृत्त मिशनरी शिक्षिकेचे काम केले. मी स्वतः सारे आयुष्य फळ्यासमोर घालविलेला मनुष्य. त्यामुळे ही भूमिका मला अगदी जवळची वाटते, हे सांगण्यात संकोच कशाला? बार्बीजवळ संपत्ती काय, तर एक मोठी ट्रंक. तीत तिच्या शाळांचे कागद, जुनी पुस्तके, मुलांना शिकविताना वापरलेले एक चित्र. ती पानकोट ह्या काल्पनिक थंड हवेच्या ठिकाणी मेबल लेटन ह्या वृद्ध बाईच्या सोबतीला राहते. ती बडबडी आहे. पण गोऱ्या लष्करी अंमलदारांच्या त्या समाजात गरीब मिशनरी मास्तरणीला कोण विचारतो?

पुढे मेबल मरण पावते. आपले दफन रानपूर गावी पतीशेजारी व्हावे, ही तिची इच्छा एकट्या बार्बीला ठाऊक असते. बार्बी ती सर्वांना सांगते, विनविते, आकांत करते. पण सावत्र सून मिल्ड्रेड तिला वेड्यात काढते आणि दफन पानकोटलाच उरकून घेते. मग बार्बीला घरही सोडावे लागते. ट्रंक घेऊन ती टांग्यातून उतारावरून निघते, टांग्याला अपघात होतो, आणि त्यानंतर रुग्णालयात ती बोलणेच सोडून देते. खिडकीतून तिला पारशांचे दोखमे आणि वर फिरणारी गिधाडे दिसत राहतात. मालिकेच्या ह्या भागाला आधारभूत असलेल्या कादंबरीचे नावही त्या दोखम्यांवरूनच ठेवले आहे. ६ ऑगस्ट १९४५, हिरोशिमावर बाँब पडला त्या दिवशी, ती मरते. अखंड बोलणारी बाई अखेरीस मुकी होते, हे दृश्य ज्या नटीने दाखविले तिचे स्वतःचे आयुष्य बोलण्यावर उभे होते. म्हणूनच तिच्या त्या मौनाचा अर्थ प्रेक्षकांना कळला. ह्या भूमिकेसाठी बाईंना ब्रिटिश अकादमीचे पारितोषिक मिळाले.

ह्या मालिकेच्या कामासाठी हिंदुस्थानात राहून परतल्यावर, दिग्दर्शक डेव्हिड लीन ह्यांनी त्यांना पुन्हा हिंदुस्थानात बोलाविले, ते 'अ पॅसेज टू इंडिया' ह्या चित्रपटासाठी. आपण पंचाहत्तर वर्षांच्या आहोत, अशी अडचण बाईंनी पुढे केली, तेव्हा आपणही तेवढ्याच वयाचे आहोत, असे लीनसाहेबांनी सांगितल्याची आख्यायिका प्रसिद्ध आहे. लीन ह्यांनी १९७० नंतर चित्रपट केला नव्हता, आणि हाच त्यांचा अखेरचा ठरला. मूळ कादंबरी ई. एम. फॉर्स्टर ह्यांची, १९२४ सालची. हे फॉर्स्टरसाहेब १९२१ मध्ये माळव्यातील देवास थोरली पाती ह्या मराठा संस्थानच्या पवार महाराजांचे काही महिने खासगी चिटणीस होते. कादंबरीतील प्राध्यापक नारायण गोडबोले हे दक्षिणी ब्राह्मण आहेत, हे आडनावावरूनच आपल्या ध्यानात येईल.

ह्या कथेत मिसेस मूर ही वृद्ध इंग्रज बाई आपल्या न्यायाधीश मुलाला भेटावयास येते. पहिल्याच दिवसांत, चांदण्या रात्री, ती एका मशिदीत जाते. डॉक्टर अझीझ रागाने तिला पादत्राणांबद्दल हटकतो. पण तिने ती आधीच काढून ठेवलेली असतात. कोणी पाहो न पाहो, हे देवाचे स्थान आहे, एवढीच तिची भावना. त्या क्षणी दोघांची मैत्री जुळते. पुढे मराबारच्या गुहांत ती जाते, तेथे कोणताही शब्द उच्चारला तरी प्रतिध्वनी एकच, अर्थशून्य असा घुमतो आणि त्या नादाने तिच्या मनातील श्रद्धाच हादरते. अझीझवर एका इंग्रज तरुणीवर हात टाकल्याचा खोटा आळ येतो. तो निर्दोष आहे, हे मिसेस मूर जाणते. परंतु खटल्यापूर्वीच तिला बोटीवर बसवून रवाना केले जाते आणि समुद्रातच तिचा अंत होतो. कोर्टात साक्ष देणारी एक वाणी अशी नाहीशी होते. आणि बाहेर हिंदी जनसमुदाय मात्र तिच्या नावाचा घोष करू लागतो.

पेगीबाईंनी ह्या भूमिकेत रडारड केली नाही की मोठे भाषण केले नाही. थकलेले डोळे, माणसांचा कंटाळा आलेला स्वर, आणि तरी अझीझशी बोलताना त्या स्वरात परत येणारा ओलावा, एवढ्यावर त्यांनी मिसेस मूर उभी केली. मार्च १९८५ मध्ये ह्या भूमिकेबद्दल त्यांना ऑस्कर पारितोषिक मिळाले. सत्त्याहत्तर वर्षे पूर्ण झालेल्या बाई समारंभास हजर नव्हत्या. त्यांच्या वतीने अँजेला लॅन्सबरी ह्यांनी ते स्वीकारले. १४ जून १९९१ रोजी लंडन येथे बाईंचे निधन झाले. क्रॉयडन ह्या त्यांच्या जन्मगावी १९६२ सालीच, त्यांच्या हयातीत, त्यांच्या नावाचे नाट्यगृह उभे राहिले होते.

डेस्डिमोना, बार्बी आणि मिसेस मूर. तिघींनाही सत्य ठाऊक होते. पहिलीचे पतीने ऐकले नाही, दुसरीचे समाजाने ऐकले नाही, तिसरीला तिच्या मुलानेच दूर पाठवून दिले. बावीस वर्षांच्या नटीला द्वेषाची पत्रे आली तेव्हा तिला जे कळले असेल, ते तिने अर्धशतक जपून ठेवले आणि शहात्तराव्या वर्षी आपल्यापुढे मांडले, असे म्हणावयास हरकत नाही. त्यासाठी लागणारी वाणी तिने मधल्या काळात, तालमी करून, लहानमोठी कामे करून, तरुणांच्या हाताखाली राबून तयार ठेवली होती.

श्रोतेहो, आपल्यापैकी बहुतेकांच्या घरी एखादी आजी, एखादी मावशी, एखादे निवृत्त काका असतील. ती तीच ती गोष्ट पुनःपुन्हा सांगत असतील आणि आपण 'हो हो' म्हणून आपल्या कामाला लागत असू. बार्बीसारखीच त्यांनाही एखादी गोष्ट अशी ठाऊक असेल, जी घरात दुसऱ्या कोणालाच ठाऊक नाही. आज रात्रीची जेवणे झाल्यावर घटकाभर त्यांच्याजवळ बसावे, आणि ती काय सांगतात ते शेवटपर्यंत ऐकावे, एवढीच विनंती करून मी आपली रजा घेतो.